गैरहजेरीची बडतर्फी आणि मागील पगार : एका कामगार-वकिलांच्या कार्यालयाचे परीक्षण

अनधिकृत गैरहजेरीच्या कारणावरून सार्वजनिक उपक्रमातून बडतर्फ झालेल्या माणसाला दोन गोष्टी हव्या असतात : गेलेली नोकरी आणि मधल्या काळाचा पगार. नोकरीबद्दल सगळेच बोलतात. पगाराचा विषय मात्र बहुतेक ठिकाणी "ते नंतर बघू" असे म्हणून बाजूला ठेवला जातो, आणि नंतर बघायची वेळ येते तेव्हा मूळ अर्जात त्याविषयी एक धड वाक्यही सापडत नाही. आमच्या जिल्ह्याच्या ठिकाणी कामगार न्यायालयात काम चालवणाऱ्या एका महिला वकिलांचे कार्यालय मागील पगाराचा दावा पहिल्या भेटीपासून बांधत जाते. माझ्या धाकट्या भावाचे प्रकरण त्यांनी चालवले आणि त्याची बहुतेक रक्कम आता हाती आली आहे, म्हणून या सेवेविषयी सविस्तर लिहीत आहे. वकिलांना जाहिरातीची मनाई असल्यामुळे कार्यालयाचे नाव देत नाही. भावाच्या उपक्रमाचेही देत नाही, कारण व्याजाचा भाग अजून न्यायप्रविष्ट आहे.

प्रकरण थोडक्यात सांगणे भाग आहे. भाऊ तंत्रज्ञ होता. त्याला मणक्याचा क्षयरोग झाला आणि सरकारी रुग्णालयाच्या उपचारांत तो बराच काळ अंथरुणाला खिळून राहिला. पहिली रजा मंजूर झाली होती. पुढच्या मुदतवाढीचे अर्ज काही साध्या टपालाने गेले, काही सहकाऱ्याच्या हाती दिले गेले. पोच कशाचीच नव्हती. दोषारोपपत्र त्याच्या वसाहतीतल्या खोलीवर पाठवण्यात आले आणि "लेफ्ट" असा शेरा मारून टपालाने ते परत केले, कारण तो त्या वेळी गावी आमच्याकडे होता. चौकशी एकतर्फी झाली. तंदुरुस्तीचा दाखला घेऊन तो कामावर रुजू व्हायला गेला, तेव्हा बडतर्फीचा आदेश बऱ्याच आधी निघाल्याचे त्याला तिथे समजले.

वकिलांचे कार्यालय न्यायालयामागच्या रस्त्यावर, झेरॉक्सच्या दुकानाच्या वरच्या मजल्यावर आहे. दोन खोल्या, बाहेर बाक, आत भिंतीला लागून नाडीने बांधलेल्या फायलींच्या थप्प्या. पहिल्या भेटीत मॅडमनी बडतर्फीचा आदेश वाचला, दवाखान्याचे कागद तारखेप्रमाणे लावून घेतले आणि भावाला पहिला प्रश्न विचारला तो असा : "आदेश निघाल्यापासून आजपर्यंत तुमचं घर कशावर चालतंय?" तो गोंधळला आणि म्हणाला, "ताईकडे राहतोय." त्यावर त्यांनी पुन्हा विचारले, "आणि कमाई? पाच रुपये मिळाले असतील तरी सांगा." तेव्हा त्याने सांगितले की, पाठीला पट्टा बांधून तो अधूनमधून एका ओळखीच्या दुकानात पंखे आणि मिक्सर दुरुस्त करून देतो. आम्हाला वाटले होते की ही गोष्ट झाकून ठेवायला सांगतील. त्यांनी ती वहीत लिहून घेतली, दुकानदार महिन्याला अंदाजे किती देतो हेही लिहून घेतले, आणि हे सारे शपथपत्रात जसेच्या तसे येईल असे बजावले.

यामागचे कारण समजून घेण्यासारखे आहे. सर्वोच्च न्यायालयाने १२ ऑगस्ट २०१३ रोजी दीपाली सुरवसे प्रकरणात मागील वेतनाचा कायदा नीट मांडला. ते प्रकरण आपल्याच मराठवाड्यातले, एका शिक्षिकेचे. औरंगाबादच्या शाळा न्यायाधिकरणाने तिला पूर्ण मागील वेतन दिले होते, उच्च न्यायालयाने ते काढून घेतले आणि सर्वोच्च न्यायालयाने ते परत दिले. त्या निकालाप्रमाणे बेकायदेशीर बडतर्फी रद्द झाल्यावर सेवासातत्य आणि मागील वेतनासह पुन्हा कामावर घेणे हा सर्वसाधारण नियम आहे. मात्र कर्मचाऱ्याने निदान एवढे तरी न्यायालयापुढे सांगितले पाहिजे की, मधल्या काळात तो कुठे नोकरीला नव्हता, किंवा होता तर कमी वेतनावर होता. हे त्याने सांगितले की उलट सिद्ध करण्याची जबाबदारी मालकावर जाते. कितीतरी दाव्यांत हे एक वाक्य लिहायचेच राहून जाते आणि निकाल "कामावर घ्यावे, मागील वेतनाशिवाय" असा लागतो. ते वाक्य खोटे लिहिले तर त्याहून वाईट. भावाच्या उलटतपासणीत उपक्रमाच्या वकिलांनी दुकानाचा विषय काढला आणि दुकानासमोर काढलेला फोटोही दाखवला. पण शपथपत्राच्या एका परिच्छेदात दुकान, काम आणि मिळणारी रक्कम आधीच लिहिलेली असल्यामुळे त्या फोटोतून नवे काही निघाले नाही. त्या दिवशी मी न्यायालयात बसले होते, आणि या कार्यालयाची फी वसूल झाली असे मला तिथेच वाटले.

मार्गाची निवडही त्यांनी समजावून केली. महाराष्ट्रात असा कर्मचारी १९७१ च्या कामगार संघटनांना मान्यता देणे आणि अनुचित कामगार प्रथांना प्रतिबंध करणे या कायद्याखाली तक्रार करू शकतो. न्यायालयाच्या आवारात तिला सगळे "यूएलपी" म्हणतात. किंवा तो त्या वेळी १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्याखाली समेटाच्या मार्गाने कामगार न्यायालयात जाऊ शकत होता. यूएलपीला ९० दिवसांची मुदत आहे. उशीर माफ होऊ शकतो, पण त्यासाठी वेगळी कारणे द्यावी लागतात आणि त्यातच एक भांडण वाढते. दुसऱ्या मार्गात, २०१० च्या दुरुस्तीनंतर, समेट अधिकाऱ्याकडे अर्ज करून ४५ दिवस झाले की थेट न्यायालयात जाता येत होते आणि बडतर्फीपासून ३ वर्षांची मुदत होती. दोन्ही दारे एकाच वेळी ठोठावता येत नाहीत. भावाचे ९० दिवस उलटून गेले होते, म्हणून मॅडमनी दुसरा मार्ग घेतला आणि त्याचा एक फायदा पुढे उच्च न्यायालयात कामी आला, तो खाली सांगते. २१ नोव्हेंबर २०२५ पासून औद्योगिक संबंध संहिता लागू झाली आहे, त्यामुळे आज ज्याच्या हाती बडतर्फीचा आदेश पडेल त्याने या जुन्या मुदती गृहीत धरू नयेत. आदेश घेऊन त्याच आठवड्यात वकिलाकडे जावे.

मूळ वादात कार्यालयाचे काम भक्कम होते. गैरहजेरी झाली होती, हे आम्ही कधीच नाकारले नाही. प्रश्न ती हेतुपुरस्सर होती का, हा होता. १५ फेब्रुवारी २०१२ च्या कृष्णकांत परमार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने नेमके हेच म्हटले आहे. गुप्तवार्ता विभागातल्या एका सुरक्षा साहाय्यकावर अनधिकृत गैरहजेरीचा आरोप होता. आजार, अपघात किंवा रुग्णालयात दाखल होणे यांसारख्या कारणांनी माणूस कामावर येऊ शकला नसेल, तर ती गैरहजेरी हेतुपुरस्सर होती हे शिस्तभंग अधिकाऱ्याने सिद्ध केले पाहिजे. ते सिद्ध झाले नाही तर गैरहजेरी हे गैरवर्तन ठरत नाही, असे न्यायालयाने सांगितले. त्याला कामावर परत घेण्यात आले आणि मागील वेतन मात्र ५० टक्के मिळाले. डी. के. यादव प्रकरणात, १९९३ साली, आठ दिवसांपेक्षा जास्त गैरहजर राहिल्यास नोकरी आपोआप संपते या स्थायी आदेशाच्या (मालकाच्या सेवाशर्तींच्या नियमाच्या) आधाराने काढलेल्या कामगारालाही ५० टक्केच मिळाले होते. ही दोन्ही प्रकरणे मॅडमनी आम्हाला सुरुवातीलाच सांगितली. त्यामागे हेतू असा होता की, गैरहजेरीच्या प्रकरणात जिंकल्यावरही पूर्ण पगार हाती पडेल अशा अपेक्षेने कर्ज काढू नये. हा प्रामाणिकपणा मला फार मोलाचा वाटतो, कारण त्याच सुमारास भेटलेला एक मध्यस्थ "शंभर टक्के काढून देतो" असे छातीठोकपणे सांगत होता.

पुराव्यात त्यांनी रुग्णालयाच्या केसपेपरवर भर दिला. खाजगी डॉक्टरचा दाखला काही महिन्यांनी, मागच्या तारखांसाठी घेतलेला असला की उलटतपासणीत टिकणे कठीण जाते. सरकारी रुग्णालयाच्या बाह्यरुग्ण नोंदी, औषधांच्या चिठ्ठ्या आणि क्षयरोगाच्या उपचारकार्डावरच्या तारखा एकमेकींना धरून असतात. त्यांनी गैरहजेरीच्या कालावधीचा तक्ता केला आणि प्रत्येक आठवड्यासमोर त्या आठवड्यातला कागद लावला. जिथे कागद नव्हता तिथे रकाना रिकामा ठेवला. रुग्णालयातले नोंदी ठेवणारे कर्मचारी साक्षीला बोलावले. चौकशीच्या नोटिसा बजावल्याच गेल्या नव्हत्या हे टपालाच्या शेऱ्यावरून दाखवले, आणि चौकशी न्याय्य नव्हती असा प्राथमिक मुद्द्यावरचा निर्णय आमच्या बाजूने लागला. त्यानंतर उपक्रमाला न्यायालयापुढे पुरावा देऊन आरोप सिद्ध करण्याची संधी मिळाली, तेव्हाही आजार खोटा होता असे त्यांना दाखवता आले नाही.

आता या परीक्षणातला माझ्या मते सर्वांत महत्त्वाचा भाग. मागणीचा परिच्छेद लिहिताना मॅडमनी "सेवासातत्यासह कामावर घ्यावे" एवढ्यावर कधीच थांबू नये असे सांगितले आणि त्याचे कारण म्हणून एका निकालाची प्रत दाखवली. आंध्र प्रदेश राज्य मार्ग परिवहन महामंडळ विरुद्ध एस. नरसागौड, २००३. हेही अनधिकृत गैरहजेरीचेच प्रकरण. वाहकाला सेवासातत्यासह पण मागील वेतनाशिवाय कामावर घेतले गेले. मग त्याने मधल्या वर्षांच्या वेतनवाढी मागितल्या. सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, सेवासातत्य देणे वेगळे आणि गैरहजेरीच्या काळातल्या वेतनवाढी देणे वेगळे. आदेशात तसे स्पष्ट म्हटले नसेल तर वेतनवाढी आपोआप मिळत नाहीत. हे कळल्यावर आमच्या अर्जातली मागणी कशी लिहिली गेली ते पाहण्यासारखे होते : सेवासातत्य, वार्षिक वेतनवाढी, वेतन करारांचा लाभ, वेतननिश्चिती, रजेचे खाते, उपदान (ग्रॅच्युइटी) आणि भविष्य निर्वाह निधीसाठी सेवेची गणना, अशी प्रत्येक बाब वेगवेगळी नोंदवली होती. युक्तिवादाच्या वेळीही त्यांनी ती यादी न्यायाधीशांना स्वतंत्र कागदावर दिली. निवाड्यात सेवासातत्य, सर्व अनुषंगिक लाभ आणि त्यांत वेतनवाढींचा उल्लेख आला; मागील वेतन ५० टक्के मिळाले. बडतर्फी ते निवाडा या काळातले काही महिने भाऊ अजून उपचारांतच होता आणि दुकानातून थोडी कमाई होती, ही कारणे न्यायालयाने दिली. मला ती पूर्णपणे पटली नाहीत, पण ती अनाकलनीयही नाहीत.

उपक्रम उच्च न्यायालयात गेला. तिथे वर सांगितलेल्या मार्गाचा फायदा झाला. औद्योगिक विवाद कायद्याच्या कलम १७ब प्रमाणे, कामावर घेण्याच्या निवाड्याला मालकाने उच्च किंवा सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले तर प्रकरण प्रलंबित असेपर्यंत कामगाराला शेवटी घेतलेल्या पगाराइतकी रक्कम द्यावी लागत असे. त्यासाठी आपण कुठल्याही आस्थापनेत नोकरीला नाही असे शपथपत्र लागत असे. मॅडम स्वतः मुंबईला जात नाहीत. त्यांनी तिथले एक वकील सुचवले, कागद पाठवले आणि १७बच्या शपथपत्राचा मसुदा स्वतः करून दिला. ही रक्कम निर्वाह भत्त्यासारखी असते आणि मालक शेवटी जिंकला तरी ती परत मागता येत नाही, हे देना बँक प्रकरणात स्पष्ट झाले आहे. त्या रकमेमुळे आमच्या घरात औषधांचा आणि मुलांच्या शाळेचा खर्च भागला. उच्च न्यायालयाने निवाडा कायम ठेवला.

आणि मग खरा हिशेबाचा वाद सुरू झाला. उपक्रमाने पाठवलेला पहिला तक्ता एका पानाचा होता : बडतर्फीच्या दिवशीचा पगार गुणिले महिने, त्याचे निम्मे, वजा १७बखाली दिलेली सगळी रक्कम. हाती येणारा आकडा इतका लहान होता की भाऊ तो बघून काही बोललाच नाही. मॅडमच्या कार्यालयातल्या एका निवृत्त लेखापालांनी त्याला उत्तर म्हणून जो तक्ता केला तो मी नीट पाहिला आहे, कारण त्यातल्या महिन्यांची बेरीज तपासायचे काम माझ्याकडे होते. आडव्या मोठ्या कागदावर प्रत्येक महिन्याची एक ओळ. रकाने असे : मूळ वेतन, वार्षिक वेतनवाढ कुठल्या महिन्यात लागली, महागाई भत्ता त्या महिन्याच्या दराने, घरभाडे भत्ता, एकूण, देय टक्केवारी, दिलेली रक्कम, शिल्लक. वेतन कराराच्या महिन्याजवळ लाल पेनाने रेघ आणि त्या परिपत्रकाचा क्रमांक. जिथे पगाराचा दर त्यांना माहीत नव्हता तिथे त्याच पदावरच्या, त्याच वर्षी लागलेल्या सहकाऱ्याच्या पगारपत्रकाची प्रत जोडली होती.

तक्त्याचे दोन भाग होते, आणि सगळे त्या विभागणीत होते. पहिला भाग बडतर्फीपासून निवाड्यापर्यंत : इथे ५० टक्के. दुसरा भाग निवाडा अंमलात आल्यापासून प्रत्यक्ष कामावर घेईपर्यंत : इथे पूर्ण पगार. कारण ५० टक्क्यांची कपात न्यायालयाने निवाड्यापूर्वीच्या काळासाठी केली होती. त्यानंतर भाऊ कामावर यायला तयार होता आणि उपक्रमाने त्याला घेतले नाही. १७बची रक्कम या दुसऱ्या भागातूनच वजा व्हायला हवी, कारण ती त्याच काळाची आहे. उपक्रमाने ती सगळी पहिल्या भागातून कापली होती. एवढ्या एका विभागणीने रक्कम दुपटीहून अधिक झाली. हा हिशेब न्यायालयापुढे गेला तो त्याच औद्योगिक विवाद कायद्याच्या कलम ३३क(२) खालच्या अर्जाने, आणि अशा अर्जात कामगार न्यायालयाला नवा हक्क देता येत नव्हता, असलेल्या हक्काचा हिशेब फक्त करता येत होता. म्हणूनच निवाड्यातले वेतनवाढींचे शब्द इथे उपयोगी पडले. न्यायालयाने दोन्ही मुद्दे मान्य केले. व्याजाचा मात्र निवाड्यात उल्लेख नव्हता, आणि त्यावर वाद अजून चालू आहे. मागणीच्या त्या लांबलचक यादीत व्याज घातलेले नव्हते, ही या कार्यालयाच्या कामातली मला दिसलेली एकमेव ठळक उणीव आहे आणि ती लहान नाही.

फीविषयी. त्यांनी टप्प्यांप्रमाणे ठरावीक फी सांगितली : अर्ज दाखल करणे, प्राथमिक मुद्दा, पुरावा, अंतिम युक्तिवाद आणि हिशेबाचा अर्ज. मिळणाऱ्या रकमेत टक्केवारी घेत नाही, असे त्यांनी स्वतःहून सांगितले. बार कौन्सिलच्या नियमांनी निकालावर अवलंबून असलेली फी ठरवण्यास आणि वसुलीत वाटा घेण्यास वकिलाला मनाई आहे. वर सांगितलेला मध्यस्थ मागील पगाराचा चौथा हिस्सा मागत होता आणि आधी काही नको म्हणत होता. पगार थांबलेल्या घराला हा प्रस्ताव आकर्षक वाटतो, हे मी नाकारत नाही. पण हिशेबाच्या टप्प्यावर जी रक्कम वाढली तिचा चौथा हिस्सा मॅडमच्या पूर्ण फीपेक्षा कितीतरी जास्त झाला असता. मॅडमनी हप्त्यांत पैसे घेतले आणि १७बची रक्कम सुरू होईपर्यंत थांबल्या.

त्रुटी स्पष्टपणे सांगायला हव्यात. किरकोळ खर्चाच्या पावत्या मागितल्याशिवाय मिळत नाहीत. नकला, टंकलेखन आणि टपालाचा खर्च कारकून तोंडी सांगतात, आणि वर्षानुवर्षे चालणाऱ्या प्रकरणात त्याची बेरीज डोळ्यांत भरण्याइतकी होते. फोन क्वचितच उचलला जातो. पुढची तारीख कळवण्याची काही पद्धत नाही. आम्ही शेवटी ई-कोर्ट्सच्या ॲपवर प्रकरणाचा सीएनआर क्रमांक घालून तारखा पाहायला शिकलो, आणि कार्यालयाने हे पहिल्याच दिवशी शिकवायला हवे. मॅडम बाहेर असल्या की कनिष्ठ वकील तारीख मागून घेतात, त्यात काही तारखा निष्फळ गेल्या. मागील पगाराच्या प्रकरणात लांबलेली प्रत्येक तारीख महाग असते, कारण निवाडा पुढे जाईल तेवढा ५० टक्क्यांचा काळ लांबतो आणि पूर्ण पगाराचा काळ उशिरा सुरू होतो.

हे कार्यालय प्रत्येकासाठी नाही. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याला कामगार न्यायालयाचा उपयोग नसतो. त्याची चौकशी महाराष्ट्र नागरी सेवा (शिस्त व अपील) नियम, १९७९ प्रमाणे होते, दाद महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे मागावी लागते, आणि पुन्हा सेवेत घेतल्यावर मधल्या काळाचे वेतन किती द्यायचे हा निर्णय सक्षम प्राधिकाऱ्याला महाराष्ट्र नागरी सेवेच्याच १९८१ च्या नियमांप्रमाणे स्वतंत्र आदेशाने करावा लागतो. जिल्हा परिषदेच्या कर्मचाऱ्याचा मार्ग आणखी वेगळा, खाजगी शाळेतल्या शिक्षकाचा शाळा न्यायाधिकरणाचा. आमच्यासमोर बसलेल्या एका ग्रामसेवकाला मॅडमनी कागद वाचून दुसऱ्या वकिलांकडे पाठवले आणि त्याच्याकडून काही घेतले नाही. परिवहन, वीज, पाणीपुरवठा, महापालिकेचे कामगार, साखर कारखाने : अशा ठिकाणच्या कामगारांसाठी हे कार्यालय उत्तम आहे. पुन्हा पुन्हा, कारणाशिवाय आणि आधीच्या शिक्षांनंतरही गैरहजर राहिलेल्या माणसाला मात्र त्या खोटी आशा देत नाहीत; अशा प्रकरणात बडतर्फी कायम होते, हे त्या तोंडावर सांगतात. माझ्या माहितीतल्या एका कुटुंबाला ते कठोर वाटले. मला ते योग्य वाटते.

अलीकडे, फेब्रुवारी २०२५ मध्ये, महाराष्ट्र राज्य मार्ग परिवहन महामंडळाच्या एका बडतर्फ चालकाला सर्वोच्च न्यायालयाने ७५ टक्के मागील वेतन दिले. ते प्रकरण गैरहजेरीचे नव्हते, अपघाताचे होते, त्यामुळे तो टक्का जसाच्या तसा गैरहजेरीच्या दाव्यात मागता येईल असे नाही; पण त्या निकालाची प्रत आता या कार्यालयात प्रत्येक नव्या अर्जाला जोडली जाते, असे कारकुनांनी सांगितले.

शेवटी पैशांच्या दोन बाबी, ज्या हे कार्यालय हाताळत नाही आणि ज्यांसाठी दुसरीकडे जावे लागते. अनेक वर्षांचा पगार एकाच वर्षात हाती आला की त्या वर्षाचा कर फुगतो. आमच्या वेळी आयकर कायदा १९६१ च्या कलम ८९ खाली त्यावर सवलत मिळत होती, पण विवरणपत्र भरण्यापूर्वी फॉर्म १०ई ऑनलाइन भरावा लागत होता. रक्कम मिळण्याआधीच त्याचा तपशील उपक्रमाला दिला तर कपातही त्याच हिशेबाने होऊ शकते. आम्हाला हे एका सनदी लेखापालांनी सांगितले, तोवर उपक्रमाने मोठी कपात करून धनादेश काढला होता. दुसरी बाब भविष्य निर्वाह निधीची. मागील पगारातून भावाच्या हिश्शाचे अंशदान कापले गेले आहे, उपक्रमाचा हिस्सा मात्र खात्यात अजून दिसत नाही. तक्त्यात निधीसाठी वेगळा रकाना नव्हता. मॅडमनी आता निधी कार्यालयाला पत्राचा मसुदा करून दिला आहे, आणि नव्या प्रकरणांच्या तक्त्यात तो रकाना घातला असल्याचे लेखापालांनी मला दाखवले.